हॅनोव्हरची पलटण, केळनेचा काठ

जॉर्ज तिसरा 1760 ते 1820 अशी साठ वर्षं उत्तर जर्मनीतल्या हॅनोव्हरचा राज्यकर्ता होता आणि त्या साठ वर्षांत त्यानं हॅनोव्हरमध्ये एकदाही पाऊल ठेवलं नाही. तो राहायचा लंडनला, कारण तो इंग्लंडचाही राजा होता. एकाच माणसाकडे दोन गावची पाटीलकी असावी आणि त्यानं कायम मोठ्या गावच्याच वाड्यात मुक्काम ठोकावा, तसा हा प्रकार. 1714 साली हॅनोव्हरच्या घराण्याला इंग्लंडची गादी मिळाली आणि 1837 पर्यंत दोन्ही मुकुट एकाच डोक्यावर राहिले. राज्यं मात्र वेगळी होती. कायदे, तिजोऱ्या आणि फौजाही वेगळ्याच.

त्या हॅनोव्हरी फौजेच्या पायदळाचा मला कधीपासूनचा नाद आहे. हॅनोव्हर म्हटलं की पुण्या-पिंपरीच्या कारखानदारांना तिथलं यंत्रांचं प्रदर्शन आठवतं. मीही त्याच निमित्तानं तिथे गेलो, दिवसभर स्टॉलवर उभं राहून पाय दुखले म्हणून संध्याकाळी फिरायला निघालो आणि वॉटर्लूच्या स्तंभापाशी पोचलो. वर विजयाची देवी, खाली चौथऱ्यावर मेलेल्यांची नावं. स्तंभ 1832 मध्ये पुरा झाला. तोवर मला वॉटर्लू म्हणजे इंग्रज आणि नेपोलियन एवढंच ठाऊक होतं. ही शेकडो जर्मन नावं तिथे काय करत होती, हे शोधायला बसलो आणि त्या शोधात अगदी अनपेक्षितपणे आमच्या जालना जिल्ह्यात येऊन थडकलो. ते पुढे येईलच.

अठराव्या शतकातलं जर्मनी म्हणजे लहानमोठ्या शेकडो संस्थानांचा पसारा. हॅनोव्हर त्यातलं मधल्या आकाराचं. प्रशियापुढे किरकोळ, पण अगदीच चिमुकलंही नाही. लोक शेतकरी, जमीन सपाट, पाऊस भरपूर. तिथलं पायदळ इंग्रजांसारखेच लाल डगले घालायचं. पलटणींना बराच काळ आकडे नव्हते. जो कर्नल पलटणीचा मालक, त्याचंच नाव पलटणीला. कर्नल मेला किंवा बदलला की पलटणीचं नावही बदलायचं, त्यामुळे जुन्या कागदांत एकच पलटण चार नावांनी भेटते आणि वाचणाऱ्याचं डोकं उठतं. 1783 च्या सुमाराला आकडे आले आणि इतिहासकारांनी सुटकेचा निःश्वास टाकला असणार.

या पलटणींतला सर्वांत नामांकित शिपाई तसा शिपाई नव्हताच. हॅनोव्हरच्या गार्ड पलटणीच्या बँडमध्ये इझाक हर्शेल नावाचा ओबो (सनईसारखं एक वाद्य) वाजवणारा होता. त्याची मुलंही तिथेच वाजवायची, त्यातला एक विल्हेल्म. जुलै 1757 मध्ये हास्टेनबेकला फ्रेंचांशी लढाई झाली आणि हॅनोव्हरचा पराभव झाला. धुमश्चक्रीत वाजंत्र्यांकडे बघायला कुणालाच सवड नव्हती, ते कुणाला नकोच होते. बापानं पोराला सांगितलं, तू आपला जीव सांभाळ. पोरगं निघून इंग्लंडला गेलं, तिथे गाण्याच्या शिकवण्या करू लागलं, रात्री आरसे घासून दुर्बिणी बनवू लागलं, आणि मार्च 1781 मध्ये त्यानं युरेनस हा ग्रह शोधला. त्यानं ग्रहाला नाव काय द्यावं? जॉर्जचा तारा. आपली पलटण ज्या राजाची, त्याच राजाचं. (ते नाव टिकलं नाही हे बरंच झालं.) पलटणीतून त्याची रीतसर सुटका 1762 मध्येच झाली होती, तरी 'पळपुट्याला राजानं माफ केलं' ही कथा अजून सांगितली जाते.

जर्मन भाडोत्री शिपाई म्हटलं की सगळ्यांना हेसे-कासेल आठवतं. तिथल्या राजानं आपल्या पलटणी इंग्लंडला भाड्यानं देऊन खजिना भरला. अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धात निरनिराळ्या संस्थानांचे मिळून सुमारे 30,000 जर्मन सैनिक इंग्रजांच्या बाजूनं लढायला गेले. हॅनोव्हरचं गणित जरा वेगळं होतं. राजा एकच, त्यामुळे 'भाडं' म्हणायची पंचाईत. पण खर्च इंग्लंडच्या तिजोरीतून. हॅनोव्हरचे शिपाई अमेरिकेला गेले नाहीत. 1775 मध्ये त्यांच्या पाच बटालियन भूमध्य समुद्राकडे धाडल्या, म्हणजे तिथले इंग्रज शिपाई अमेरिकेसाठी मोकळे होतील. तीन गेल्या जिब्राल्टरला, दोन मिनोर्का बेटावर. मिनोर्कावाल्यांच्या वाट्याला स्कर्व्ही आली. हिरड्या सडलेल्या, पाय सुजलेल्या अवस्थेत 1782 च्या फेब्रुवारीत किल्ला द्यावा लागला. जिब्राल्टरवाल्यांनी मात्र स्पेन आणि फ्रान्सचा वेढा 1779 पासून 1783 पर्यंत सोसला. राजानं खूश होऊन त्या तीन पलटणींना बाहीवर 'जिब्राल्टर' असं लिहिलेली पट्टी दिली. ही पट्टी लक्षात ठेवा.

आणि मग हिंदुस्थान.

सप्टेंबर 1780 मध्ये हैदर आणि टिपूनं पोल्लिलूरला कर्नल बेलीची अख्खी तुकडी बुडवली. मद्रासला धडकी भरली. आपल्याकडे तेव्हा पहिलं इंग्रज-मराठा युद्ध चालू होतं. वडगावला इंग्रजांची नाचक्की होऊन दोन वर्षंही झाली नव्हती. नाना फडणीसांनी हैदर आणि निजाम यांना एका माळेत ओवायचं कारस्थान रचलं होतं. निजाम लवकरच गळाला, पण कंपनीला गोऱ्या शिपायांची निकड भासू लागली ती भासलीच. इंग्लंडचं सैन्य अमेरिकेत गुंतलेलं. तेव्हा 1781 मध्ये कंपनीच्या पैशानं आणि राजाच्या परवानगीनं हॅनोव्हरमध्ये दोन नव्या पायदळ पलटणी उभारल्या गेल्या, प्रत्येकी हजारभर माणसांच्या. एकीचा प्रमुख राइनबोल्ड, दुसरीचा वांगेनहाइम. म्हणजे शनिवारवाड्यात शिजलेल्या मसलतीचा एक धागा उत्तर जर्मनीतल्या बटाट्याच्या वावरापर्यंत पोचतो. नानांना त्याची खबर असण्याचं कारण नव्हतं, आणि त्या वावरातल्या पोरांनी नानांचं नावही ऐकलं नसेल.

मद्रासला पोचेपर्यंतच बरेच जण जहाजावर मेले. जे उतरले त्यांना 13 जून 1783 ला कडलूरच्या तटासमोर उभं केलं. समोर बुसीची फ्रेंच फौज, वर जूनचं कोरोमंडळी ऊन, अंगात लोकरीचा लाल डगला. हॅनोव्हरवाल्यांची जबर हानी झाली. आणि गंमत अशी, गंमत म्हणायला जीभ रेटत नाही, की युरोपात इंग्लंड-फ्रान्सच्या तहाच्या मसुद्यावर 20 जानेवारीलाच सह्या झाल्या होत्या. ती बातमी जहाजानं येत होती. ती जूनच्या अखेरीला पोचली, तोवर मेलेले मेलेच.

याच वेढ्याची एक कथा सांगतात. फ्रेंचांकडचा एक तरुण सार्जंट जखमी होऊन हॅनोव्हरवाल्यांच्या हाती लागला, वांगेनहाइमनं त्याची शुश्रूषा करवली. पुढे वीस वर्षांनी तोच सार्जंट, बर्नादोत, नेपोलियनचा मार्शल आणि हॅनोव्हरचा गव्हर्नर होऊन आला आणि म्हाताऱ्या वांगेनहाइमला ओळख पटवून भेटला. इतिहासकार ही कथा खरी मानत नाहीत. मला ती फार आवडते, म्हणूनच तिचा भरवसा वाटत नाही.

खरी गोष्ट तिच्याहून सरस आहे. या पलटणींत कार्ल ऑगुस्ट श्लेगल नावाचा एक तरुण अधिकारी होता. हॅनोव्हरच्या पाद्र्याचा मुलगा. कर्नाटकच्या (तेव्हा मद्रासभोवतीच्या प्रदेशाला हेच नाव होतं) मुलखाची पाहणी, नकाशे, टिपणं यांत रमलेला. 1789 मध्ये तो मद्रासलाच वारला, वय अठ्ठावीसच्या आसपास. त्याचे दोन धाकटे भाऊ घरी होते. फ्रीडरिशनं 1808 मध्ये हिंदूंच्या भाषेवर आणि ज्ञानावर पुस्तक लिहिलं. ऑगुस्ट विल्हेल्म 1818 मध्ये बॉनला संस्कृतचा प्राध्यापक झाला, जर्मनीतला पहिला. त्यानं पॅरिसमध्ये देवनागरी खिळे पाडून घेतले आणि 1823 मध्ये लॅटिन भाषांतरासह भगवद्गीता छापली. मद्रासेत पुरलेल्या भावामुळेच हे दोघे संस्कृतकडे वळले असं छातीठोक म्हणता येणार नाही. पण घरात एका भावाची पत्रं त्या देशातून येत होती आणि एके दिवशी ती यायची थांबली, एवढं तर झालंच असणार. ती गीता मी पडद्यावर पाहिली आहे. 'धर्मक्षेत्रे कुरुक्षेत्रे' ही अक्षरं ठसठशीत, किंचित रुंद, आपल्या पोथीतल्यापेक्षा जरा ताठ उभी. कवायत शिकल्यासारखी.

उरलेल्या पलटणी 1790 नंतर मायदेशी परतल्या. पुष्कळ जण परतलेच नाहीत. त्यांतले बहुतेक गोळीनं नव्हे, तापानं आणि हगवणीनं गेले. काही मात्र मेले नव्हते. ते पळाले होते.

त्यातला एक म्हणून अँथनी पोलमनचं नाव घेतात. माणूस हॅनोव्हरचा, एवढं नक्की. मद्रासेतल्या पलटणीचा सार्जंट होता आणि तिथून निसटला, असं त्याच्याबद्दल सांगितलं जातं. 1790 नंतर तो महादजी शिंद्यांच्या कंपूत, शिंद्यांसाठी कवायती पलटणी उभारणाऱ्या युरोपीय सेनानी डी बॉयनच्या हाताखाली आला आणि चढत चढत कर्नल झाला. हत्तीवरून फिरायचा, राजेशाही थाटात राहायचा म्हणे. आणि 23 सप्टेंबर 1803 ला असईला दौलतराव शिंद्यांच्या कवायती पायदळाची सूत्रं त्याच्याच हातात होती.

असई भोकरदनजवळ. मी लहानपणापासून त्या रस्त्यानं गेलोय, पण शाळेच्या पुस्तकात असई म्हणजे एक ओळ: मराठे हरले. पोलमनचं नाव त्या ओळीत नव्हतं. जागेवर उभं राहिलं की लढाईचा आकार कळतो. दक्षिणेला केळना, उत्तरेला जुई, दोन्ही पूर्वेकडे एकमेकींना मिळतात आणि मध्ये जिभेसारखी निमुळती जमीन उरते. काळी माती, एका बाजूला कापूस, एका बाजूला मका. नदीचे काठ उंच आणि तुटलेले. पावसाळ्याअखेर तोफा उतरवायच्या म्हणजे उताराची जागा सापडलीच पाहिजे. शिंद्यांचं पायदळ केळनेच्या उत्तर काठाला, तोंड दक्षिणेला करून उभं होतं. स्थानिक वाटाडे म्हणाले, पुढे उतार नाही. इंग्रजांचा सेनापती वेलस्ली याला खाली पूर्वेला नदीच्या अल्याड-पल्याड समोरासमोर दोन गावं दिसली. त्यानं ताडलं, की दोन गावं अशी समोरासमोर असतील तर लोक नदी ओलांडतच असतील. आपल्या कुठल्याही म्हाताऱ्यानं हेच सांगितलं असतं. उतार सापडला, आणि वेलस्ली मराठ्यांच्या डाव्या बगलेवर निघाला.

इथे पोलमननं जे केलं ते मला लढाईतलं सर्वांत अवघड काम वाटतं. हजारो माणसांची, शंभरेक तोफांची दक्षिणमुखी रांग त्यानं काटकोनात फिरवून पूर्वेला तोंड करून उभी केली, डावी बाजू असई गावाच्या मातीच्या भिंतींना टेकवून, शत्रू नदी उतरत असताना. वेलस्लीला ते अपेक्षितच नव्हतं. हे बिनकवायती फौजेला साधणं अशक्य. दाणापाण्यासकट, बैलांसकट तोफा ओढून वळवणारी ती माणसं बहुतेक उत्तर हिंदुस्थानातली होती, कवायत फ्रेंच वळणाची, सेनापती हॅनोव्हरचा, निशाण शिंद्यांचं.

पुढचं सर्वांना ठाऊक आहे. इंग्रजांची 74वी पलटण असईच्या भिंतींकडे भरकटली आणि तोफांनी तिची चाळण केली. गोलंदाज तोफा सोडून हटले नाहीत. काही मेल्याचं सोंग घेऊन पडले आणि इंग्रज पुढे सरकताच उठून तोफा उलट्या फिरवून पाठीत गोळे घालू लागले. पायदळानं मात्र दम धरला नाही. दौलतराव आणि रघूजी भोसले आधीच निघून गेले होते. वेलस्लीचे दीड हजारांहून जास्त लोक कामी आले किंवा जखमी झाले, आणि मराठ्यांच्या 98 तोफा गेल्या. वेलस्ली म्हातारपणी या लढाईला आपली सर्वांत चांगली कामगिरी म्हणत असे. त्याच्या शत्रूचा सेनापती जॉर्ज तिसऱ्याचा जन्मजात प्रजाजन होता, आणि तो स्वतः त्याच जॉर्जचा जनरल, ही बाब कुणी फारशी उगाळत नाही. लढाईनंतर पोलमन पुन्हा कंपनीच्या चाकरीत गेला. आपण त्याला फितूर म्हणावं का? मला तसं म्हणवत नाही. शिंद्यांनी त्याला पगार दिला, त्यानं शिंद्यांची रांग वळवून दिली. निष्ठेचा करार तेवढाच होता, आणि ज्या पलटणीतून तो आला असं म्हणतात तिचा तरी करार याहून वेगळा कुठे होता?

त्याच 1803 सालात, असईच्या अडीच महिने आधी, 5 जुलैला, एल्ब नदीकाठच्या आर्टलेनबुर्ग गावी हॅनोव्हरची फौजच बरखास्त झाली. नेपोलियनच्या सैन्यानं देश व्यापला होता. शिपायांनी हत्यारं ठेवली, घोडे दिले आणि घरचा रस्ता धरला. म्हणजे पोलमन केळनेवर रांग वळवत होता तेव्हा त्याच्या देशाला फौज नव्हती.

ती परत उभी राहिली, पण इंग्लंडमध्ये. माणसं लपतछपत, बोटीनं समुद्र ओलांडून जाऊ लागली आणि वर्षअखेरपर्यंत 'राजाची जर्मन लीजन' तयार झाली. ही लीजन स्पेनमध्ये वेलस्लीच्या, म्हणजे आता वेलिंग्टनच्या, हाताखाली लढली आणि 18 जून 1815 ला वॉटर्लूला. तिथे ल हाय सँत नावाचं एक शेतघर आघाडीच्या मध्यभागी होतं. मेजर बारिंग आणि त्याची हलकी बटालियन, जेमतेम चारशे माणसं, तिथे ठेवलेली. आदल्या रात्री पावसात कुडकुडणाऱ्यांनी धान्याच्या कोठाराचा दरवाजा फोडून शेकोटीत घातला होता. दुसऱ्या दिवशी त्याच उघड्या भगदाडात उभं राहून त्यांना फ्रेंच रोखावे लागले. कोठाराला आग लागली तेव्हा स्वयंपाकाच्या पातेल्यांनी पाणी ओतून विझवली. बारिंग काडतुसं मागत राहिला. निरोपावर निरोप गेले, काडतुसं आली नाहीत. संध्याकाळी गोळ्या संपल्या आणि घर सोडलं, तेव्हा त्याच्याबरोबर 42 जण उरले होते. त्या स्तंभावरच्या जर्मन नावांचा उलगडा मला इथे झाला.

पुढचा भाग भराभर सांगतो, कारण तो भराभरच घडला. 1837 मध्ये व्हिक्टोरिया राणी झाली; हॅनोव्हरच्या कायद्यात बाईला गादी नाही, म्हणून राज्यं वेगळी झाली. 1866 मध्ये हॅनोव्हर ऑस्ट्रियाच्या बाजूला राहिलं. 27 जूनला लांगेनझाल्झाला त्यांच्या पायदळानं प्रशियाला चक्क हरवलं. राजा जॉर्ज पाचवा आंधळा, तोही फौजेबरोबर होता. पण चहूबाजूंनी प्रशियाच्या तुकड्या गोळा झाल्या आणि जिंकलेली फौज दोन दिवसांनी शरण गेली. राज्य प्रशियानं गिळलं. एवढी वर्षं लंडनसाठी, कंपनीसाठी लढलेलं हे पायदळ स्वतःच्या देशासाठी शेवटी उतरलं ते इथे, आणि जिंकूनही संपलं.

तेहेतीस वर्षांनी जर्मनीचा सम्राट कैसर विल्हेल्म दुसरा याला उपरती झाली. जानेवारी 1899 मध्ये त्यानं फर्मान काढलं, की हॅनोव्हर प्रांतातल्या प्रशियन पलटणी या जुन्या हॅनोव्हरी पलटणींच्याच वारस मानाव्यात. जी फौज आपल्याच आजोबांनी मोडली तिची पुण्याई आपल्या खात्यावर वळती करून घेण्याचा हा व्यवहार मला तरी बेशरम वाटतो, पण शिपायांना तो आवडला. दोन वर्षांनी 73व्या फ्युझिलियर पलटणीला आणि आणखी दोघींना ती निळी, पिवळ्या अक्षरांची 'जिब्राल्टर' पट्टी बाहीवर लावायचा मान मिळाला. 1914 मध्ये तीच बाही घेऊन ते खंदकात उतरले. पलीकडच्या खंदकांत एसेक्स, सफोक वगैरे इंग्रज पलटणी होत्या, ज्यांच्या बिल्ल्यावर किल्ला आणि चावी होती. तीही त्याच वेढ्यासाठी मिळालेली. कैदी पकडला की दोघांच्या अंगावर एकाच खडकाचं नाव निघायचं.

त्या 73व्या पलटणीत अर्न्स्ट युंगर हा पुढे लेखक म्हणून गाजलेला तरुण अधिकारी होता. जून 1917 मध्ये उत्तर फ्रान्समध्ये रात्रीच्या गस्तीवर त्याच्या टोळीची गाठ शत्रूच्या मोठ्या तुकडीशी पडली. झटापट झाली, काही जखमी हाती लागले. चौकशी केली तर ते हिंदी निघाले. एकानं आपण रजपूत असल्याचं सांगितलं. युंगरनं लिहून ठेवलंय, की हे लोक इतक्या लांबून समुद्र ओलांडून आले आणि या उजाड जागी हॅनोव्हरच्या फ्युझिलियरांवर येऊन आदळले, याचं त्याला नवल वाटलं. त्याच्या पलटणीच्या पूर्वसुरींनी मद्रासचा किनारा गाठला होता, त्याचा उल्लेख तो तिथे करत नाही.